कोरा म्हणजे मुलगी

१२ फेब्रुवारी

खारू,

मला चांगलं ऐकू येतं. लोकच हल्ली तोंडात सुपारी धरल्यासारखं बोलतात. कालच एक गिऱ्हाईक येऊन नुसते ओठ हलवत बसलं. शेवटी म्हटलं, बाबा, पाटी करून घ्यायला आलायस की कानगोष्टी करायला? तर तू फोन करत जाऊ नकोस. फोनवर तूसुद्धा पुटपुटतेस. पत्र बरं. पत्र पुटपुटत नाही.

आता तुझ्या पत्राचं. नव्या घराच्या दाराला माझ्या हातची दगडी पाटी लावायची हे मीच म्हटलं होतं. तीन ओळी. वर तुझं नाव, खाली मास्तरांचं. नवरा असला म्हणून काय झालं, दगड माझा आहे, क्रम मी ठरवणार. तिसरी ओळ येणाऱ्या बाळाची. आणि तू लिहितेस, मुलगी झाली तर कोरा.

कोरा? कोरा कागद, कोरा चेक, तसं? पोरगी आहे तर निदान कोरी तरी म्हण. सातवीपर्यंत शिकलेल्या बाईला एवढं व्याकरण कळतं, मग शाळेत पोरांना शिकवणाऱ्या तुझ्या नवऱ्याला कळत नाही? गावात नावं संपली का?

डॉक्टरीणबाई काय म्हणाल्या ते गाळलंस. दिवसभर लोकांचे डोळे तपासत उभी असतेस. एक स्टूल मागून घे. लाजू नकोस. स्टूल मागितल्याने कोणी नोकरीवरून काढत नाही.

आत्या

२१ फेब्रुवारी

आत्या,

फोनवर मी ओरडत असते गं. शेजारीण दार उघडून बघते, आमचं भांडण चाललंय का म्हणून. असो.

नाव ग्रीक आहे. मूळ शब्द 'कोरी', म्हणजे तुझं व्याकरण चुकून बरोबर आलं! देशोदेशी फिरता फिरता त्याचं कोरा झालं. अर्थ अगदी साधा. मुलगी. बस, मुलगी.

मला ते कामावर सापडलं. खोलीत अंधार करून मी पेशंटच्या डोळ्यात उजेड टाकते, तेव्हा बुबुळाच्या मधोमध काळा ठिपका दिसतो ना, आपण त्याला बाहुली म्हणतो. का म्हणतो माहीत आहे? अगदी जवळून बघितलं की त्यात आपलंच रूप दिसतं, बाहुलीएवढं. तर आमचे मोठे डॉक्टर म्हणाले, ग्रीक लोकही त्या ठिपक्याला कोरीच म्हणायचे. मुलगी, बाहुली आणि डोळ्यातली बाहुली, तिन्हींना एकच शब्द. आत्या, कुठली कुठली माणसं, पण डोळ्यात वाकून बघितल्यावर त्यांना जे दिसलं तेच आपल्या माणसांना दिसलं. मला त्या दिवशी पुढच्या पेशंटला चार्ट वाचायला सांगायचं सुचेना.

त्यांच्याकडे एक गोष्टसुद्धा आहे. कोरी फुलं तोडत असते, जमीन फाटते आणि पाताळाचा राजा तिला खाली ओढून नेतो. तिची आई धान्याची देवी. ती लेकीला शोधत रानोमाळ हिंडते आणि पृथ्वीवर काही उगवू देत नाही. शेवटी देव तडजोड करतात. वर्षाचा काही भाग मुलगी खाली, बाकीचा आईजवळ.

मुलगा झाला तर नाव मास्तरांनी ठेवायचं. मुलीचं माझं ठरलंय.

रक्तदाब जरा वाढलाय. स्टूल मागितलं. मिळालं.

खारू

४ मार्च

खारू,

म्हणजे एवढं शिकून, नावासाठी पार समुद्रापलीकडच्या ग्रीकांपर्यंत पोचून तुम्ही पोरीसाठी काय शोधून आणलं, तर मुलगी. उद्या कुत्रा पाळा आणि त्याला ग्रीकमध्ये कुत्रा म्हणून हाक मारा.

बाहुलीचं मात्र खरं. लहानपणी मी तुझ्या बापाचं डोकं दोन्ही हातांनी धरून त्याच्या डोळ्यात बघत बसायचे. माझ्या दोन वेण्या दिसायच्या. तो चिडायचा आणि चावायचा. मग बाहुली ठेव की सरळ. सगळ्यांना कळेल.

ती गोष्ट मला नको. आई वर हिंडतेय आणि पोर जमिनीखाली. मी निम्मा दिवस दारावरच्या पाट्या करते आणि उरलेला निम्मा कुठले दगड करते, हे तुला सांगायला नको. बाप गेल्यापासून माझ्याच दुकानात वाढलीस तू. त्या दगडांखालून कोणी वर आलेलं मी बघितलेलं नाही. तडजोड करून तर नाहीच. असलं नाव माझ्या हातून दगडावर चढायचं नाही, आत्ताच सांगून ठेवते.

राग आला असेल तर ये. भांडायला तरी ये.

आत्या

१५ मार्च

आत्या,

राग नाही आला. बरं बाई, नाही ठेवत ते नाव. दुसरं बघतो.

पाय सुजलेत. डॉक्टरीणबाईंनी सक्तीची रजा दिलीय. डाव्या कुशीवर पडून भिंत बघते. मास्तर शेजारी बसून वह्या तपासतात आणि मधेच पोटाजवळ वही धरून विचारतात, "काय बाई, याला अर्धा मार्क द्यायचा का?" लाथ बसली की देतात. या वर्षी सगळा वर्ग पास होणार.

खारू

३ एप्रिल

खारू,

शहाणी आहेस. हट्ट सोडायला अक्कल लागते.

पाटी झाली. वरच्या दोन ओळी कोरल्या, तिसरीची जागा राखली. कामाच्या चिठ्ठीवर लिहून टाकलंय, 'तिसरी ओळ कोरा'. चिठ्ठ्या आठवतात ना? माझा चष्मा सापडायचा नाही आणि तू पाटावर उभी राहून वाचून दाखवायचीस. 'नाव कोर, तारीख कोरा.' कोर म्हणजे छिन्नी लाव, कोरा म्हणजे हात लावू नको. एकदा काना खाऊन टाकलास आणि मी एका जिवंत म्हाताऱ्याच्या नावाखाली तारीख घालायला बसले होते! बरं की तो स्वतःच दुकानात आला. तुला कानाखाली दिली होती, तेव्हापासून तुझा काना कधी चुकला नाही.

पडून राहा. भिंत बघून कंटाळलीस तर दुसऱ्या कुशीवर वळ, तिकडेही भिंतच असेल.

आत्या

१९ मे

आत्या,

मास्तरांनी तुला फोन केला होता. तू "हो हो, छान झालं, छान झालं" म्हणालीस आणि ठेवलास. ते बराच वेळ फोन हातात धरून उभे होते. मी त्यांना म्हटलं, तिला ऐकू गेलं नसेल. म्हणून लिहिते.

मुलगी झाली. फार लवकर झाली. सकाळी आली, संध्याकाळपर्यंत होती. एकदा तिने डोळे उघडले. मी वाकून बघितलं.

इथल्या दफनभूमीत लहान मुलांसाठी एक कोपरा आहे, भिंतीलगत. तिथे ठेवलंय.

तिच्यासाठी दगड हवाय. दोन्ही हात जोडून पसरले की मावेल एवढाच. दुसऱ्या कोणाकडून मला करून घ्यायचा नाही. तारीख नको. आडनाव नको. आमची नावं नकोत. फूल नको, पक्षी नको. कोरा. बस.

खारू

२ जून

खारू,

फोन आला तेव्हा मशीन चालू होतं.

दगड पाठवलाय. ओळखीच्या ट्रकवाल्याकडे दिलाय, माझ्या जुन्या गोधडीत गुंडाळून. गोधडी परत पाठवायची नाही.

काळा आहे. मधून एक पांढरी शीर आडवी गेलीय, दुधाची धार सांडावी तशी. असल्या शिरेचा दगड आम्ही कोरायला कधी घेत नाही. छिन्नी लागली की शिरेवरून उलतो. पण तुला कोरायचाच नव्हता, म्हणून मुद्दाम काढला. किती वर्षं कोपऱ्यात पडून होता, विकायला जीव होत नव्हता. कोरा दगड करणं सगळ्यात अवघड. अक्षरं असली की लोक अक्षरं बघतात. नसली की दगडाला लपायला जागा नसते. मशीन लावलं नाही. हातानेच घासला. तोंड दिसेल इतका झाला तेव्हा थांबले.

बरं केलंस, काही लिहू नको म्हणालीस ते. काय लिहिणार होतो आपण.

जेवत जा. रडायचं असेल तर रड, पण जेवून रड.

आत्या

३० जून

आत्या,

दगड पोचला. मला तेव्हा उठवत नव्हतं. मास्तर परस्पर घेऊन गेले आणि रखवालदाराने सिमेंटमध्ये पक्का बसवून दिला. मी काल गेले. पुढून बघितला. मग गुडघ्यावर बसून मागून बघितला. मग बाजूंनी.

नाव तुला आवडलं नव्हतं, माहीत आहे. तू तुझा शब्द पाळलास. माझ्या हातून दगडावर चढायचं नाही म्हणाली होतीस. नाही चढलं.

मास्तर म्हणाले, "तसं बघितलं तर कोऱ्या दगडाला कोराच म्हणतात की." त्यांना वाटलं मला बरं वाटेल. तेव्हापासून मी त्यांच्याशी बोललेली नाही.

तिला नाव होतं, आत्या. मी तिला त्या नावाने हाक मारली. तिने डोळे उघडले ते त्या हाकेला. तिच्याजवळ दुसरं काहीही नव्हतं. कपडेसुद्धा दवाखान्याचे होते.

गोष्टीतल्या मुलीला खाली गेल्यावरही लोक तिच्या नावाने ओळखत होते.

खारू

५ जुलै

खारू,

तुझं डोकं ठिकाणावर आहे का? मी? तुझ्या पोरीवर? नाव पसंत नव्हतं म्हणून मी मुद्दाम दगड रिकामा पाठवीन? हे ओळखलंस तू मला? ताप आला की छातीवर घेऊन बसत होते तुला ती मीच ना, की दुसरी कोणी?

नाव सोडलं म्हणून मार्चमध्ये तू लिहिलंस. मी नाही लिहिलं. मग लिहिलंस हे नको, ते नको, कोरा, बस. माझ्या दुकानात वाढलीस तू. माझ्या चिठ्ठीत कोरा म्हणजे काय हे तुझ्याइतकं या जगात कोणाला माहीत नाही. मी काय मनकवडी आहे? नीट सांगायचं होतंस. पुढे 'नाव' असा एक शब्द टाकला असतास तर शाई संपली असती?

नवा दगड करते. तो काढून फेकून द्या.

मास्तरांशी बोल. त्या बिचाऱ्याने मूर्खपणा केलाय, गुन्हा नाही.

आत्या

१४ जुलै

आत्या,

मी चिठ्ठी लिहिली नव्हती. पत्र लिहिलं होतं.

नाव सोडलं असं मी म्हणाले ते तू गप्प बसावंस म्हणून. दुसरं आम्ही शोधलंच नाही. दुपारभर पडून मी त्याच नावाने तिच्याशी बोलत होते. तू म्हणालेलं सगळं तिला सांगत होते, कुत्र्याचं सुद्धा. मास्तर हसून हसून वहीवर पाणी सांडून बसले होते. मी 'कोरा' लिहिलं तेव्हा माझ्या डोक्यात त्या शब्दाला दुसरा अर्थच उरला नव्हता. तुझ्या डोक्यात तो शब्द नाव म्हणून उरलाच नव्हता. आता कोणाला काय म्हणू?

नवा दगड नको. हा काढायचा तर रखवालदार म्हणतो, खाली खणावं लागेल. तिथे परत फावडं चाललेलं मला सहन होणार नाही.

तू ये. तिथेच बस आणि कोर. दोन अक्षरं तर आहेत.

कोर, आत्या. काना नाही.

खारू

२ सप्टेंबर

आत्या,

तुझं उत्तर आलं नाही. वाट बघून बघून आज दफनभूमीत गेले तर रखवालदार म्हणाला, पांढऱ्या केसांची एक बाई पिशवीत हत्यारं घेऊन आली होती, दुपारपर्यंत होती, मग गेली. किती झाले दिवस, तर म्हणे झाले बरेच. घरापासून चालत जायच्या अंतरावर येऊन तू परत गेलीस?

दगडावर एक आडवी रेघ आहे. शिरेच्या वर, सरळ, सुरेख. तुझीच. असली रेघ दुसऱ्या कोणाला येत नाही. रेघेखाली काही नाही. बाजूला थोडा चुरा होता, तो मी रुमालात घेतला. का घेतला माहीत नाही.

मी बोट लावून बघितलं. रेघ आहे तिथे बोट अडकतं आणि खाली नुसतं घसरत जातं.

तू परत येणार आहेस का? का थांबलीस? मला फक्त एवढं सांग. मास्तर पण विचारतात. मी बोलते आता त्यांच्याशी. बोलायला दुसरं आहेच कोण.

खारू

१० सप्टेंबर

खारू,

घरी आले नाही कारण शेवटची गाडी चुकली असती. गाडी अजून होती म्हणशील तर म्हण.

आधी रेघ कोरायची, मग तिला एकेक अक्षर टांगायचं, हे तुला माहीत आहे. म्हणून रेघ घेतली. शिरेच्या वर जागा होती तेवढ्यात बसवली. हलक्या हाताने. तेवढी उतरली. मग 'क'चा दांडा. तो वरून खाली येताना शीर ओलांडणार, त्याला इलाज नव्हता. छिन्नी ठेवली आणि ठोका दिला. दुसरा दिला. तिसऱ्याला हात उचलला तर रखवालदार झाडू टाकून धावत आला आणि त्याने माझं मनगट धरलं. तोंड हलवत होता. काय म्हणतोस, काय म्हणतोस, मी तीनदा विचारलं. शेवटी कानाशी येऊन ओरडला, "बाई, आवाज बदलला! बद्द वाजतोय!"

त्याचा बाप गवंडी होता म्हणे.

चांगला दगड टणटण बोलतो. आतून तडकत चालला की बद्द बोलतो, आणि बद्द झाला की त्या क्षणी हात थांबवायचा. हे मी लोकांना शिकवलं. मी त्याला म्हटलं, तुला काय कळतं. मनगट सोडवून घेतलं. रेघेवर ठोकून बघितलं, मग शिरेवर ठोकून बघितलं, हळूच. मला दोन्ही सारखंच. मग तळवा टेकवला आणि दुसऱ्या हाताने ठोकलं, तेव्हा हाताला कळलं. शीर आत तडकत चालली होती. आणखी एक ठोका आणि दगडाचे दोन तुकडे लेकरावर पडले असते. माझ्या हातून.

तो दगड मीच निवडला होता. कोरायचा नाही म्हणून निवडला होता. आता त्याला तू, मी, कोणीही छिन्नी लावायची नाही. दांड्याची खूण राहिली होती ती घासून काढली. रेघ घासून निघत नाही.

दुकानाची फळी कायमची लावून टाकलीय. तुमची पाटी आत आहे, तिसरी ओळ आहे तशीच. मास्तरांना म्हणावं, केव्हाही येऊन घेऊन जा. मी काढून देणार नाही.

निघताना रखवालदाराने विचारलं, बाई, नाव काय होतं लेकराचं? मी म्हटलं, कोरा. तो दगडाकडे बघून म्हणाला, ते दिसतंच आहे, पण नाव काय?

मी पिशवी उचलली. आता पुढे मी काही सांगणार नाही. विचारू नकोस.

आत्या